न्यूक्लिअर आणि पार्टिकल फिजिक्सची पुस्तकं : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बी.एस्सी.-एम.एस्सी.चे विद्यार्थी, नेट-सेटची तयारी करणारे आणि केवळ आवडीपोटी वाचणारे, असे तिन्ही प्रकारचे लोक पुस्तकांबद्दल विचारतात. प्रश्न बरेचसे तेच असतात, म्हणून उत्तरं एकत्र लिहून ठेवते आहे. माझं मत आधीच सांगते : या विषयात एक पुस्तक कागद-पेन्सिल घेऊन सोडवावं आणि दुसरं पडताळणीसाठी शेजारी उघडं ठेवावं. पीडीएफचा साठा कितीही मोठा असला तरी एवढा उपयोग त्याचा होत नाही.

बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे. पहिलं पुस्तक कोणतं घेऊ?

आर्थर बायझरचं 'कन्सेप्ट्स ऑफ मॉडर्न फिजिक्स' तुमच्याकडे किंवा कॉलेजच्या ग्रंथालयात असणारच. त्यातली केंद्रकावरची आणि मूलकणांवरची प्रकरणं आधी नीट करा. ती सोपी वाटली तर आयसबर्ग आणि रेझनिक यांच्या जाडजूड 'क्वांटम फिजिक्स'मधली शेवटची प्रकरणं घ्या. त्यात तोच विषय एक पायरी वर जाऊन मांडला आहे. एवढं झाल्यावर केनेथ क्रेनचं 'इंट्रोडक्टरी न्यूक्लिअर फिजिक्स' विकत घ्या. त्याची भारतीय आवृत्ती मिळते, आणि हे पुस्तक पुढची कित्येक वर्षं लागतं.

थेट क्रेनपासून सुरुवात करू का, असंही बरेच जण विचारतात. श्रोडिंगरचं समीकरण, हायड्रोजनचा अणू आणि कोनीय संवेगाची बेरीज येत असेल तर जरूर करा. क्रेनच्या दुसऱ्या प्रकरणात क्वांटम मेकॅनिक्सची उजळणी आहे, पण ती उजळणीच आहे. तिच्यावर भिस्त ठेवून क्वांटम पहिल्यांदा शिकता येणार नाही.

क्रेन फार मोठं आहे. सगळं वाचायलाच हवं का?

नाही. आठशेच्या वर पानं आणि वीस प्रकरणं आहेत, आणि ती ओळीने वाचायची असं बंधन लेखकानेही घातलेलं नाही. पुस्तकाचे चार भाग आहेत : केंद्रकाची रचना, ऱ्हास आणि किरणोत्सर्ग, अभिक्रिया, आणि शेवटी विस्तार व उपयोग. पहिल्या वाचनात तिसरं (केंद्रकाचे गुणधर्म), चौथं (न्यूक्लिऑनमधलं, म्हणजे प्रोटॉन-न्यूट्रॉनमधलं बल), पाचवं (केंद्रकाची प्रारूपं) आणि आठवं ते दहावं (अल्फा, बीटा, गॅमा ऱ्हास) एवढं पक्कं करा. मग अकराव्यातल्या अभिक्रिया घ्या. विखंडन, संमीलन, वेगवर्धक, खगोलभौतिकी हे गरजेप्रमाणे.

आठव्या प्रकरणावर मात्र मनापासून वेळ घालवा. थोरियम-२३२ मधून निघणाऱ्या अल्फा कणाला साधारण ४ एमईव्ही (दशलक्ष इलेक्ट्रॉन-व्होल्ट) ऊर्जा मिळते आणि त्याचं अर्धायुष्य १.४ × १०^१० वर्षं आहे. थोरियम-२१८ मध्ये ऊर्जा ९.८५ एमईव्ही आणि अर्धायुष्य १०^-७ सेकंद. ऊर्जा दुपटीहून थोडी जास्त, आणि अर्धायुष्यात मात्र १०^२४ पटींचा फरक! गायगर आणि नटॉल यांना हा कल प्रयोगांत दिसला होता. त्याचं कारण १९२८ मध्ये जॉर्ज गॅमोने आणि, त्याच्यापासून स्वतंत्रपणे, गर्नी व काँडन यांनी दिलं : अल्फा कण कूलोंब अडथळ्यातून (विद्युतभारांमुळे उभ्या राहणाऱ्या अडथळ्यातून) बोगदा पाडून बाहेर येतो, आणि बाहेर पडण्याची संभाव्यता अडथळ्याच्या जाडीवर व उंचीवर घातांकी रीतीने अवलंबून असते. क्रेनमध्ये हे गणित सविस्तर दिलं आहे. पुस्तक मिटून ते स्वतः करा, संगणकावर दहा-बारा केंद्रकांसाठी अर्धायुष्य काढा आणि मोजलेल्या आकड्यांशी ताडून बघा. उत्तर दहापटीच्या घरात आलं तरी समाधान माना. चोवीस घातांकांच्या पसाऱ्यात दहापट म्हणजे फारच चांगलं उत्तर.

सेमी-एम्पिरिकल मास फॉर्म्युल्याचे आकडे प्रत्येक पुस्तकात वेगळे आहेत. नक्की कोणते बरोबर?

केंद्रकाची बंधन ऊर्जा पाच पदांच्या बेरजेतून काढणारं हे सूत्र. हा प्रश्न दर वर्षी येतो, आणि त्यामागचं कारण कळलं की पुस्तकं कशी वाचायची तेही बऱ्याच अंशी कळतं. क्रेनमध्ये आकडे असे आहेत : आकारमानाचं पद १५.५, पृष्ठभागाचं १६.८, कूलोंबचं ०.७२, सममितीचं २३ आणि जोडीचं ३४, सगळे एमईव्हीमध्ये. पोव्ह, रिथ, शोल्झ आणि झेट्शे या जर्मन लेखकांच्या 'पार्टिकल्स अँड न्यूक्लाय'मध्ये हेच आकडे १५.६७, १७.२३, ०.७१४, ९३.१५ आणि ११.२ असे आहेत. पहिले तीन जवळपास सारखे. मग २३ आणि ९३? ३४ आणि ११?

सममितीच्या पदात क्रेन न्यूट्रॉन-प्रोटॉनच्या संख्येतल्या फरकाच्या वर्गाला वस्तुमानांकाने भागतो. पोव्ह वस्तुमानांकाच्या चौपटीने भागतो. ९३.१५ ला ४ ने भागा, २३.३ येतात. जोडीच्या पदात क्रेनकडे वस्तुमानांकाचा घात उणे पाऊण आहे, पोव्हकडे उणे अर्धा. वस्तुमानांक ६४ धरून करून बघा : क्रेनचं पद १.५ एमईव्ही, पोव्हचं १.४. शिवाय क्रेन बंधन ऊर्जेचं सूत्र लिहितो आणि पोव्ह वस्तुमानाचं, त्यामुळे चिन्हं उलटी दिसतात. कूलोंबच्या पदात एकाकडे प्रोटॉनसंख्या गुणिले प्रोटॉनसंख्या वजा एक, तर दुसऱ्याकडे सरळ वर्ग.

आता लोह-५६ घ्या. क्रेनच्या आकड्यांनी बंधन ऊर्जा साधारण ४९५ एमईव्ही येते, पोव्हच्या आकड्यांनी ४९४. मोजलेली किंमत ४९२.३. पाच पदांचं हे साधं सूत्र प्रयोगाच्या एका टक्क्याच्या आत जाऊन बसतं, कुठल्याही पुस्तकातून घ्या. अट एकच : सूत्र आणि आकडे एकाच पुस्तकातले हवेत. सूत्र एका ठिकाणचं आणि गुणांक दुसऱ्या ठिकाणचे घेतले की परीक्षेत हमखास गुण जातात.

आमच्या विद्यापीठात तयाल आणि घोषाल वापरतात. ती पुरेशी आहेत का?

परीक्षेपुरती पुरतात. डी. सी. तयाल आणि एस. एन. घोषाल या दोघांच्या पुस्तकांत आपल्याकडचा अभ्यासक्रम डोळ्यांसमोर ठेवून मांडणी केली आहे. डेरिव्हेशन पायऱ्या न गाळता दिलेली असतात आणि उत्तरपत्रिकेत लिहायच्या क्रमाने असतात. तयालचं पुस्तक मुंबईच्या प्रकाशनाचं असल्याने सहज मिळतंही. मला उणीव जाणवते ती एवढीच की निष्कर्ष कुठल्या मोजमापावरून आला, हे त्यांत थोडक्यात आटपलेलं असतं. क्रेनचा जवळजवळ प्रत्येक दावा मोजलेल्या आलेखाला बांधलेला आहे. त्यामुळे डेरिव्हेशन तयालमधून पाठ झालं असलं तरी तोच विषय क्रेनमध्ये उघडून निदान आलेख बघा आणि त्या आलेखाच्या उभ्या-आडव्या अक्षांवर काय आहे ते स्वतःच्या शब्दांत लिहा.

रॉय आणि निगम यांचं १९६७ चं 'न्यूक्लिअर फिजिक्स' अजूनही एम.एस्सी.च्या वाचनयादीत दिसतं. ते अवघड आहे, पण गॅमा ऱ्हासाचे निवड-नियम किंवा बीटा ऱ्हासाचा सिद्धान्त खोलात जाऊन हवा असेल तर उघडावं.

पार्टिकल फिजिक्ससाठी ग्रिफिथ्स, हालझेन-मार्टिन की थॉमसन?

तिन्ही चांगली आहेत, पण तिघांचा वाचक एक नाही.

डेव्हिड ग्रिफिथ्सचं 'इंट्रोडक्शन टू एलिमेंटरी पार्टिकल्स' (पहिली आवृत्ती १९८७, दुसरी २००८) स्वतःहून शिकणाऱ्यासाठी आहे. पहिलं प्रकरण इतिहासाचं, आणि ते गोष्टीसारखं वाचता येतं : इलेक्ट्रॉनपासून निघून १९७४ च्या नोव्हेंबरपर्यंत, म्हणजे ब्रुकहेव्हन आणि स्टॅनफर्डच्या दोन गटांना ३.१ जीईव्हीला (अब्ज इलेक्ट्रॉन-व्होल्टला) एकच नवा कण सापडला तिथपर्यंत आणि त्याच्याही पुढे. खरी कमाल सहाव्या प्रकरणात आहे. फाइनमन आकृत्यांचे (कणांच्या आंतरक्रिया रेषांनी दाखवणाऱ्या आकृत्यांचे) नियम शिकवायचे तर स्पिन, गॅमा मॅट्रिक्स, ध्रुवीकरण असं सगळं एकदम अंगावर येतं. म्हणून ग्रिफिथ्स तीन काल्पनिक कण घेतो, 'ए', 'बी' आणि 'सी'. कोणालाही स्पिन नाही आणि तिघे भेटतात असा एकच शिरोबिंदू. 'ए' कणाचं 'बी' आणि 'सी' मध्ये विघटन व्हायला किती वेळ लागेल, ते थोड्या ओळींत निघतं. दोन 'ए' एकमेकांवर आदळून दोन 'बी' झाले तर विकिरणाचं (स्कॅटरिंगचं) क्षेत्रफळ किती, हेही काढता येतं. हात एकदा बसला की सातव्या प्रकरणात खरं क्वांटम इलेक्ट्रोडायनॅमिक्स (प्रकाश आणि विद्युतभारित कण यांचा क्वांटम सिद्धान्त) येतं आणि नव्याने शिकायला फक्त स्पिन उरतो. हे प्रकरण ज्यांनी स्वतः सोडवलं ते पुढे अडखळत नाहीत, हे मी पुन्हापुन्हा पाहिलं आहे.

ग्रिफिथ्सची एक खोड लक्षात ठेवा. बहुतेक पुस्तकांत प्लांकचा स्थिरांक आणि प्रकाशाचा वेग १ धरतात, ग्रिफिथ्स मात्र दोन्ही लिहीत राहतो. शिवाय त्याची एककं गाउसची आहेत. त्यामुळे त्याची सूत्रं दुसऱ्या पुस्तकातल्या सूत्रांशी थेट जुळत नाहीत. अडलात तर एक आकडा पाठ ठेवा : प्लांकचा लघुस्थिरांक गुणिले प्रकाशाचा वेग बरोबर १९७.३ एमईव्ही-फर्मी (फर्मी म्हणजे १०^-१५ मीटर). त्यावरून कुठल्याही एककातून कुठल्याही एककात जाता येतं.

फ्रान्सिस हालझेन आणि अ‍ॅलन मार्टिन यांचं 'क्वार्क्स अँड लेप्टॉन्स' १९८४ चं आहे. त्यातली गणितं प्रकरणाच्या शेवटी नसतात, मजकुरातच पेरलेली असतात. गणित टाळून पुढे गेलात तर पुढचा परिच्छेद कळत नाही. प्रोटॉनच्या आतले पार्टॉन (घटक कण) आणि डीप इनइलास्टिक स्कॅटरिंग (वेगवान कण आदळवून प्रोटॉनचं अंतरंग तपासणं) हे मला अजूनही इथेच सगळ्यात नीट मांडलेलं वाटतं. (हेच हालझेन पुढे दक्षिण ध्रुवावरच्या बर्फात उभारलेल्या आइसक्यूब या, न्यूट्रिनो नावाचे विद्युतभाररहित कण टिपणाऱ्या दुर्बिणीचे प्रमुख झाले.)

मार्क थॉमसनचं 'मॉडर्न पार्टिकल फिजिक्स' २०१३ चं. हिग्ज कण ४ जुलै २०१२ ला जाहीर झाला, आणि या पुस्तकात तो सापडलेला कण म्हणून येतो. आकृत्या नव्या, गणिताच्या पायऱ्या पूर्ण, आणि प्रयोगातला आलेख सिद्धान्ताच्या लगेच शेजारी. एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असाल आणि एकच पुस्तक घेणं शक्य असेल तर मी थॉमसन सांगेन. बी.एस्सी.त असाल किंवा शिकवणारं कोणी नसेल तर ग्रिफिथ्स.

न्यूक्लिअर आणि पार्टिकल दोन्ही एकाच पुस्तकात हवं. आहे का?

आहे. वर आलेलं पोव्ह आणि मंडळींचं पुस्तक तसंच आहे. ते आधी पदार्थ फोडत प्रोटॉन-न्यूट्रॉनच्या आतल्या क्वार्कपर्यंत नेतं आणि मग क्वार्कपासून केंद्रक उभं करतं. अशोक दास आणि थॉमस फर्बेल यांचं 'इंट्रोडक्शन टू न्यूक्लिअर अँड पार्टिकल फिजिक्स' लहान आणि एका सत्राला पुरेल असं आहे, त्यात वेगवर्धक आणि शोधकांवरही (डिटेक्टरवरही) प्रकरणं आहेत. दोन्ही विषयांचा एकत्र पेपर असेल तर दास-फर्बेल सोयीचं पडतं.

ग्रंथालयात जुनी पुस्तकंच आहेत. ती वाचून चुकीचं शिकेन का?

केंद्रकाच्या बाबतीत भीती कमी. आयर्विंग कॅप्लनचं 'न्यूक्लिअर फिजिक्स' १९५५ मधलं, रॉब्ली इव्हान्सचं 'द अ‍ॅटॉमिक न्यूक्लियस'ही त्याच वर्षीचं. रदरफर्ड विकिरण, किरणोत्सर्गी साखळ्या, गॅमा किरणांचं शोषण हे त्यांत आजही निश्चिंतपणे वाचावं. इव्हान्सने काँप्टन परिणामाला दिलेली जागा नव्या पुस्तकांत कोणी देत नाही. फर्मीने १९४९ मध्ये शिकागोत दिलेल्या व्याख्यानांच्या नोट्स ओरिअर, रोझेनफेल्ड आणि श्लुटर या तीन विद्यार्थ्यांनी उतरवल्या. अंदाजपंचे आकडे कसे काढायचे ते त्यांतून शिकावं.

कणांच्या बाबतीत मात्र पुस्तकाचं वर्ष आधी बघा. जुन्या पुस्तकांत न्यूट्रिनोला वस्तुमान नाही असं बिनदिक्कत लिहिलेलं असतं. १९९८ मध्ये जपानच्या सुपर-कामिओकांडेने, आणि २००१-०२ मध्ये कॅनडाच्या सडबरी वेधशाळेने, न्यूट्रिनो प्रकार बदलतात हे दाखवलं. प्रकार बदलायचे तर वस्तुमान शून्य असून भागत नाही. या कामाला २०१५ चं नोबेल मिळालं. टॉप क्वार्क १९९५ मध्ये सापडला, टाऊ न्यूट्रिनो २००० मध्ये. म्हणजे हालझेन-मार्टिनमध्ये टॉप हा अजून शोधायचा कण आहे, आणि ग्रिफिथ्सच्या दुसऱ्या आवृत्तीत हिग्ज. मजकूर त्यामुळे टाकाऊ होत नाही. कणांचे आकडे तेवढे नव्या ठिकाणाहून घ्यायचे.

केंद्रकातही एक नवा प्रांत जुन्या पुस्तकांबाहेर राहिला आहे. लिथियम-११ सारख्या, न्यूट्रॉनची विरळ प्रभावळ असलेल्या केंद्रकांचं मोजमाप १९८५ च्या सुमारास सुरू झालं. त्यासाठी कार्लोस बर्तुलानीचं 'न्यूक्लिअर फिजिक्स इन अ नटशेल' (२००७) बघा.

नेट, सेट, गेटसाठी कमीत कमी काय वाचू?

सीएसआयआर-नेटच्या भौतिकशास्त्रात न्यूक्लिअर आणि पार्टिकलचा स्वतंत्र विभाग आहे, गेटमध्येही आहे. महाराष्ट्र आणि गोव्यासाठीच्या सेटलाही तीच तयारी चालते. क्रेनची ३, ४, ५, ८, ९, १०, ११ आणि ग्रिफिथ्सची १, ३, ४, ५ ही प्रकरणं करा. प्रश्न बहुतेक तीन प्रकारचे असतात.

शेल मॉडेलवरून (प्रोटॉन-न्यूट्रॉन केंद्रकात कवचांत बसतात या प्रारूपावरून) स्पिन आणि पॅरिटी काढणं हा पहिला. ऑक्सिजन-१७ मध्ये आठ प्रोटॉनचं कवच भरलेलं, नववा न्यूट्रॉन १डी-५/२ मध्ये, म्हणून उत्तर ५/२ धन. हे सहज येतं. पण सोडियम-२३ ला याच रीतीने ५/२ धन येईल आणि मोजलेलं उत्तर ३/२ धन आहे. असे अपवाद का होतात ते क्रेनच्या पाचव्या प्रकरणाच्या उत्तरार्धात, विकृत केंद्रकांच्या चर्चेत शोधा.

दुसरा प्रकार, दिलेली कण-अभिक्रिया शक्य आहे का आणि कुठल्या बलाने होते. इथे आयुष्यमान फार मदतीला येतं. १०^-२३ सेकंदांच्या आसपास असेल तर प्रबल बल. उदासीन पायॉन ८.५ × १०^-१७ सेकंदांत दोन फोटॉन देतो, ते विद्युतचुंबकीय. लॅम्डा कण २.६ × १०^-१० सेकंद टिकतो आणि प्रोटॉन-पायॉन देताना स्ट्रेंजनेस (कणांचा एक क्वांटम अंक) बदलतो, म्हणजे क्षीण बल. असे वीसेक कण स्वतः तक्त्यात मांडा.

तिसरा प्रकार सापेक्षतेतल्या गतीचा, उंबरठा ऊर्जा वगैरे. ग्रिफिथ्सच्या तिसऱ्या प्रकरणातली सगळी गणितं सोडवली की त्याचं भय उरत नाही.

क्वांटम फील्ड थिअरी कधी सुरू करू?

ग्रिफिथ्सचं सातवं किंवा थॉमसनचं सहावं प्रकरण हातांनी झाल्यावर. अमिताभ लाहिरी आणि पलाश पाल यांचं 'अ फर्स्ट बुक ऑफ क्वांटम फील्ड थिअरी' आपल्याकडच्या विद्यार्थ्याला झेपेल अशा आकाराचं आहे, ते घ्या. सोबत केंब्रिजच्या डेव्हिड टाँग यांच्या नोट्स, त्या फुकट मिळतात. पेस्किन आणि श्रोडर (१९९५) हे संशोधनात जाणाऱ्याचं पुस्तक. ते पहिल्याच झटक्यात उघडून हबकलेले विद्यार्थी मी बरेच पाहिले आहेत, आणि तो दोष विद्यार्थ्यांचा नव्हता. वाइनबर्गचे तीन खंड पीएच.डी.च्या वेळी.

चिन्हांचा एक सापळा इथेही आहे. अवकाश-काळातल्या अंतराच्या सूत्रात (मेट्रिकमध्ये) पेस्किनकडे काळाचं चिन्ह धन आणि अवकाशाचं ऋण असतं, वाइनबर्गकडे बरोबर उलट. पुस्तक बदललं की पहिल्या पानावर ही नोंद करून ठेवा.

मला सिद्धान्तापेक्षा प्रयोग आवडतो. डिटेक्टरवर काय वाचू?

ग्लेन नॉलचं 'रेडिएशन डिटेक्शन अँड मेझरमेंट', चौथी आवृत्ती २०१० ची. गायगर नळीपासून जर्मेनियम शोधकापर्यंत प्रत्येक साधन कसं चालतं, त्याचं विभेदन कशावर ठरतं, हे सगळं त्यात आहे. प्रयोगशाळेत सोडियम आयोडाइडवर सीझियम-१३७ चा वर्णपट घेतलात की ६६२ केईव्हीचं (हजार इलेक्ट्रॉन-व्होल्टचं) शिखर, काँप्टनची कडा आणि १८४ केईव्हीच्या आसपासचा पश्चविकिरणाचा उंचवटा दिसतो. तो उंचवटा का येतो हे प्रॅक्टिकलच्या तोंडी परीक्षेत विचारतात, आणि नॉलमध्ये त्याचं उत्तर आकृतीसकट आहे. एस. एस. कपूर आणि व्ही. एस. राममूर्ती या भाभा अणुसंशोधन केंद्राच्या शास्त्रज्ञांचं 'न्यूक्लिअर रेडिएशन डिटेक्टर्स' (१९८६) लहान, स्वच्छ आणि आपल्या प्रयोगशाळांना जवळचं. विल्यम लिओचं पुस्तक केबल, पल्स आणि कोइन्सिडन्स सर्किट प्रत्यक्ष जोडताना कामाला येतं, इलेक्ट्रॉनिक्सचा भाग मात्र आता जुना झाला आहे.

आणि एक पुस्तक मी आग्रहाने सुचवते : रॉबर्ट कान आणि जेर्सन गोल्डहाबर यांचं 'द एक्स्पेरिमेंटल फाउंडेशन्स ऑफ पार्टिकल फिजिक्स'. प्रत्येक प्रकरणात थोडं विवेचन आणि मग मूळ शोधनिबंधच छापलेले. एखादा कण आहे असं पहिल्यांदा म्हणणाऱ्याने किती जपून लिहिलं होतं, ते त्यात वाचायला मिळतं.

गणित नको. गोष्टीसारखं काही?

रिचर्ड ऱ्होड्सचं 'द मेकिंग ऑफ द अ‍ॅटॉमिक बाँब' (१९८६) आधी वाचा. नाव बाँबचं असलं तरी पहिला मोठा भाग केंद्रकाच्या भौतिकशास्त्राचाच आहे. लंडनच्या रस्त्यात सिग्नलला थांबलेल्या लिओ झिलार्ड या भौतिकशास्त्रज्ञापासून ते सुरू होतं आणि हिरोशिमापर्यंत जातं, आणि माणसांचं काय झालं ते सांगताना हात आखडता घेत नाही. स्टीव्हन वाइनबर्गचं 'द डिस्कव्हरी ऑफ सबअ‍ॅटॉमिक पार्टिकल्स' इलेक्ट्रॉन, प्रोटॉन, न्यूट्रॉन कसे सापडले ते सांगतं, थोडं बीजगणित येत असेल तर उत्तमच. फाइनमनचं 'क्यूईडी' (१९८५) छोटं आहे. फक्त बाण काढून आणि ते जोडून प्रकाशाचं परावर्तन समजावतं, आणि त्यात खोटं सोपेपण नाही.

फ्रँक क्लोजचं 'न्यूट्रिनो' (२०१०) रे डेव्हिसची गोष्ट सांगतं. खाणीच्या पोटात सुमारे ३,८०,००० लिटर ड्रायक्लीनिंगचा द्रव भरून डेव्हिस सूर्याचे न्यूट्रिनो मोजत राहिले. अपेक्षेच्या साधारण एक तृतीयांशच सापडले, आणि शेवटी ते बरोबर ठरले. अब्राहम पेसचं 'इनवर्ड बाउंड' विषय येणाऱ्यासाठी आहे, नवख्याला जड जाईल.

मराठीत काय मिळतं?

पदव्युत्तर अभ्यास इंग्रजी पुस्तकांवरच करावा लागतो. पण संकल्पना आपल्या भाषेत पक्की व्हावी म्हणून मराठी विश्वकोश जरूर उघडा. त्यातल्या अणुकेंद्रीय भौतिकी, मूलकण, विश्वकिरण या नोंदी दीर्घ आणि मेहनतीने लिहिलेल्या आहेत, आणि त्या इंटरनेटवर मोफत वाचता येतात. पहिला खंड १९७६ चा आहे हे ध्यानात ठेवून आकडे तपासून घ्यावेत. मराठी विज्ञान परिषदेची पत्रिका १९६० च्या दशकापासून निघते, तिचे जुने अंक ग्रंथालयात मिळाले तर चाळा. विषय येणाऱ्या माणसांनी मराठीत आणखी लिहावं, असं मला फार मनापासून वाटतं.

या विषयातलं भारतीय काम पुस्तकांत कुठे सापडतं?

पाठ्यपुस्तकातच. इलेक्ट्रॉन आणि पॉझिट्रॉन एकमेकांवरून विकिरित होतात त्याला जगभर 'भाभा स्कॅटरिंग' म्हणतात. होमी भाभांचा तो निबंध १९३६ चा. ग्रिफिथ्समध्ये सातव्या प्रकरणात त्याच्या दोन आकृत्या काढाव्या लागतात. वातावरणात तयार होणारे न्यूट्रिनो पहिल्यांदा टिपले गेले ते १९६५ मध्ये, कोलारच्या सोन्याच्या खाणीत दोन किलोमीटरहून खोल. टाटा मूलभूत संशोधन संस्था, जपानचं ओसाका आणि इंग्लंडचं डरहॅम यांचा तो संयुक्त प्रयोग. त्याच सुमारास दक्षिण आफ्रिकेतल्या खाणीत अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ राइनेस यांच्या गटालाही ते दिसले.

आणि रोहिणी गोडबोले. पुण्यात वाढलेल्या, आयआयटी मुंबईतून शिकून पुढे बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत काम केलेल्या. मानुएल ड्रेस आणि प्रबीर रॉय यांच्यासोबत त्यांनी लिहिलेलं 'थिअरी अँड फिनॉमेनॉलॉजी ऑफ स्पार्टिकल्स' (२००४) सुपरसिमेट्रीवर (प्रत्येक कणाला एक जोडीदार कण असावा असं मानणाऱ्या सिद्धान्तावर) संशोधन करणाऱ्यांच्या टेबलावर असतं. त्यांनी राम रामस्वामींसोबत संपादित केलेलं 'लीलावतीज डॉटर्स' हे भारतीय स्त्री-शास्त्रज्ञांच्या आठवणींचं पुस्तक बारावीतल्या मुलीच्या हातीही द्यावं. ऑक्टोबर २०२४ मध्ये त्या गेल्या.

पैसे नाहीत. कायदेशीरपणे फुकट काय मिळेल?

बरंच. पार्टिकल डेटा ग्रुपचा 'रिव्ह्यू ऑफ पार्टिकल फिजिक्स' दर दोन वर्षांनी निघतो, संकेतस्थळावर पूर्ण मोफत. कणांचे आकडे त्यातूनच घ्यायचे, आणि त्यातली आढावा-प्रकरणं तर छोटी पाठ्यपुस्तकंच आहेत. केंद्रकांसाठी ब्रुकहेव्हनचं न्यूडॅट उघडा. कुठल्याही समस्थानिकावर टिचकी मारली की ऊर्जापातळ्या, अर्धायुष्य सगळं दिसतं. क्रेनच्या परिशिष्टातला तक्ता जुना झाला असेल तर इथे ताडून घ्या. डोनाह्यू, गोलोविच आणि होल्स्टीन यांचं 'डायनॅमिक्स ऑफ द स्टँडर्ड मॉडेल' आता मुक्त आहे. एनपीटीईएल या मोफत ऑनलाइन व्याख्यानांच्या संकेतस्थळावर एच. सी. वर्मा सरांचा न्यूक्लिअर फिजिक्सचा पूर्ण कोर्स आहे. ज्यांना क्रेनची भाषा जड जाते त्यांनी आधी तो ऐकावा. थॉमसनच्या पुस्तकामागची केंब्रिजमधली व्याख्यानंही संकेतस्थळावर आहेत.

सोल्यूशन मॅन्युअल वापरू का?

एका गणितावर निदान तासभर घालवल्यावर. आणि उत्तर बघितल्यावर ते बंद करून दुसऱ्या दिवशी पुन्हा कोऱ्या कागदावर.

मुलगी अकरावीत आहे आणि तिला हे सगळं आतापासूनच वाचायचंय.

वाचू द्या. एच. सी. वर्मांच्या 'कन्सेप्ट्स ऑफ फिजिक्स'च्या दुसऱ्या भागातलं केंद्रकावरचं प्रकरण तिला कळेल, आणि फाइनमनचं 'क्यूईडी'ही. ग्रिफिथ्सचं पहिलं प्रकरण दाखवा, त्यात गणित फार नाही. पुढची प्रकरणं उघडून तिला समजली नाहीत तर लगेच पुस्तक काढून घेऊ नका.

अणुभट्टी कशी चालते हे वाचायचं आहे. तेही याच पुस्तकांत आहे का?

थोडंसं. क्रेनचं बारावं आणि तेरावं प्रकरण न्यूट्रॉन आणि विखंडनाचं आहे, तिथे गुणन घटकाचं (एका पिढीतून पुढच्या पिढीत न्यूट्रॉन किती पटींनी वाढतात त्याचं) सूत्र मिळतं. भट्टीचं अभियांत्रिकी हवं असेल तर लामार्श आणि बराट्टा यांचं 'इंट्रोडक्शन टू न्यूक्लिअर इंजिनिअरिंग' घ्या. ४ ऑगस्ट १९५६ ला ट्रॉम्बेत अप्सरा सुरू झाली ती तलावातली भट्टी. पाणीच मंदायक, पाणीच शीतक आणि पाणीच संरक्षक कवच. लामार्शमधला न्यूट्रॉन मंदावण्याचा भाग वाचून झाला की हायड्रोजनच्या केंद्रकावर आदळून न्यूट्रॉन सगळ्यात लवकर का मंदावतो, आणि तरीही तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्यांना समृद्ध युरेनियम आणि राजस्थानातल्या रावतभाट्याला जड पाणी का लागतं, हे दोन्ही प्रश्न स्वतः सोडवून बघा.